दोन रात्री घ्या, दुपार एकच

नमस्कार ताई,
आम्ही जालन्याला राहतो. मेच्या तिसऱ्या आठवड्यात नणंद पुण्याहून तिच्या दोन मुलांना घेऊन येतेय. तिच्या मुलीनं मोबाइलवर ग्लॅम्पिंगचे व्हिडिओ दाखवल्यापासून घरातली चारही पोरं (वय 5 ते 14) तंबूत राहायचं म्हणून हटून बसलीत. आमच्याकडं दोनच रात्री आहेत आणि वीस-बावीस हजारांच्या वर जायचं नाही. ह्यांचं म्हणणं, एवढे पैसे घालवायचे तर महाबळेश्वरलाच जाऊ. सासूबाईंचं वय 69, बीपीच्या गोळ्या चालू, गुडघे दुखतात. त्या म्हणतात, "मे महिन्यात तंबूत राहायला आपण काय येडे आहोत?" मला पोरांची हौस मोडायची नाही, आणि कुणाला ऊन लागून दवाखान्यातही बसायचं नाही. जवळपास कुठं आणि कसं जमवावं?
— एक वाचक, जालना

सासूबाईंचं बरोबर आहे, आणि पोरांचंही. मेच्या दुपारी आपल्याकडं तंबूत बसणं हा येडेपणाच. पण त्याच महिन्यातल्या रात्री उघड्यावर बाज टाकून पडायचं सुख मराठवाड्याबाहेरच्या माणसाला सांगून कळायचं नाही. माळवदावर झोपून मोठ्या झालेल्या तुमच्या सासूबाईंना ते माहीत आहे. म्हणून सगळा बेत एकाच गोष्टीवर बांधा: तंबू रात्रीपुरता, दुपारी डोक्यावर पक्कं छत.

हे ठरलं की दिवसांचा हिशोब आपोआप बसतो. पहिल्या दिवशी जेवण उरकून, थोडं पडून, साडेतीनला घर सोडा. तिसऱ्या दिवशी सकाळी नऊच्या आत परतीला लागा. अशानं दोन रात्री, दोन संध्याकाळी आणि दोन सकाळी पदरात पडतात, आणि तिथली दुपार एकच काढावी लागते. बरेच लोक नेमकं उलटं करतात. खोलीचा ताबा बाराला मिळतो म्हणून भर उन्हात बाराला पोचतात, पोरं तापलेल्या तंबूत शिरतात आणि संध्याकाळपर्यंत सगळ्यांची तोंडं पडलेली असतात. पैसे बारापासूनचे दिलेत म्हणून बारालाच पोचायचं, हा हिशोब सोडून द्या.

महाबळेश्वरचा विषय चटकन संपवते. जालन्याहून जाण्या-येण्यातच दीड-दोन दिवस मोडतील, वर मेमधली गर्दी. चार रात्री असत्या तर ह्यांच्या बाजूनं बोलले असते.

तुमच्यासाठी वेरूळ, खुलताबाद आणि म्हैसमाळ हा पट्टा सगळ्यात सोयीचा. जालना ते संभाजीनगर साठेक किलोमीटर, तिथून वेरूळ तीसेक. चहापाण्यासकट अडीच तास धरा. या भागात शेतावर तंबू टाकून देणारे आहेत, कृषी पर्यटन केंद्रंही आहेत. राज्याचं कृषी पर्यटन धोरण 2020 मध्ये आलं, तेव्हापासून अशा केंद्रांची नोंदणी पर्यटन संचालनालयाकडं होते. फोनवर सरळ विचारा, "नोंदणी आहे का?" या प्रश्नाला कोण कसं उत्तर देतं त्यावरून बरंच कळतं.

म्हैसमाळच्या नावानं मात्र भुलू नका. थंड हवेचं ठिकाण म्हणून ते पाटीवर आहे. उंची साधारण साडेतीन हजार फूट, म्हणजे संभाजीनगरपेक्षा पाचशे मीटर वर. एवढ्या उंचीनं पारा तीनेक अंश उतरतो. शहरात 42 असेल तर वर 39. दुपारी तो काही गारवा नव्हे. संध्याकाळी वारा सुटला की मग फरक कळतो. व्हिडिओतली हिरवीगार म्हैसमाळ ऑगस्टातली असते. मेमध्ये गवत वाळून पिवळं पडलेलं असतं. धबधब्यांचंही तेच. बीडकडचे सौताडा आणि कपिलधार असोत की नळदुर्गचे नर-मादी, ते पावसाळ्यात बघावेत. पैठणचा नाथसागर उन्हाळ्यातही मोठा दिसतो, पण काठावर सावली कमी, आणि धरणाच्या पाण्यात पोरांना उतरवू नये. गौताळा अभयारण्य मला फार आवडतं, पण पानगळीच्या त्या जंगलात मेमध्ये जिकडंतिकडं वाळका पाला. पाच वर्षांच्या लेकराला घेऊन तिथं दुपार काढायची कल्पना करवत नाही. ते सप्टेंबरसाठी राखून ठेवा.

आता जागा पारखायची कशी? फोन करायचा तो दुपारी दोन वाजता, आणि व्हिडिओ कॉल करा म्हणायचं. "आत्ता तंबूत उभं राहून दाखवा" म्हटल्यावर जो मालक कुरकुरतो, त्याच्या तंबूची परीक्षा तिथंच झाली. तंबूवर झाड आहे का ते बघा: कडुलिंब, आंबा, चिंच, काहीही चालेल, पण तंबूशेजारी नुसती शोभेची रोपं नकोत. कापड कसलं आहे तेही विचारा. जाड सुती कॅनव्हासचा दुपदरी तंबू, म्हणजे हे लोक ज्याला स्विस तंबू म्हणतात तो, बरा. प्लॅस्टिकसारखा चकाकणारा एकपदरी तंबू उन्हात भट्टी होतो. लोकांचे अभिप्राय वाचाल ते एप्रिल-मेमध्ये लिहिलेलेच वाचा. डिसेंबरात पाच तारे देणाऱ्याला तुमच्या दुपारची काय कल्पना!

एसी तंबूच्या जादा पैशांचा मोह टाळा. कापडाच्या भिंतीतून गारवा टिकत नाही, आणि वीज गेली की खेळ खलास. आपल्या कोरड्या हवेत कूलरच जास्त काम करतो. पाणी हवेत विरताना उष्णता ओढून घेतं, आणि मेमधल्या दुपारी आपल्याकडं हवेत ओल जवळजवळ नसतेच. फक्त कूलरला हवा बाहेर जायला वाट लागते. तंबू चहूबाजूंनी बंद करून कूलर लावला तर तासाभरात आत दमट होतं आणि मग जीव घाबरतो. समोरासमोरच्या जाळ्या उघड्या ठेवायच्या. जनरेटर असेल तर एक प्रश्न आणखी: त्यावर कूलर चालतो की नुसते दिवे? बहुतेक ठिकाणी नुसते दिवे.

आणि मुख्य गोष्ट. आठ माणसांसाठी तीन-चार तंबू घेऊ नका. एक पक्की खोली आणि दोन तंबू घ्या. खोलीला लागून बाथरूम हवं, त्यात कमोड हवा, आणि उंबऱ्याशी चार पायऱ्या नकोत. ती खोली सासूबाईंची. दुपारी अकरा ते साडेचार सगळं कुटुंब त्याच खोलीत. म्हणजे पैसेही वाचतात आणि आसराही होतो. भाव विचारताना तंबूमागं आहे की माणसामागं, पाच वर्षांच्या पोराचे किती, दोन्ही वेळचं जेवण धरून का, एवढं स्पष्ट करून घ्या. तुमच्या रकमेत हे बसायला हवं. नाही बसलं तर एक तंबू कमी करा, खोली कमी करू नका. नाहीतरी पोरं एकाच तंबूत कोंबून झोपण्यासाठीच निघालीत.

पाण्याचंही विचारा. मेमध्ये आपल्याकडं गावोगाव टँकर फिरत असतात. ज्या केंद्राची स्वतःची विहीर किंवा शेततळं आहे, तिथं जायला मन धजतं. टँकरच्या पाण्यावर मोठा तलाव भरून ठेवणाऱ्याकडं जावंसं मला वाटत नाही. पोरांना खेळायला छोटा हौद किंवा ठिबकची नळी पुरते. विहिरीत पोहायचा हट्ट झाला तर सरळ नाही म्हणा. आपण शिकलो ते पाठीला डबा बांधून, काठावर काका बसवून. अनोळखी विहिरीचा तळ आपल्याला माहीत नसतो.

सासूबाईंना राजी कसं करायचं? त्यांना 'रिसॉर्टला चला' म्हणू नका. माहेर लातूर-धाराशिवकडचं असेल तर येळवशीची आठवण काढा. तिकडं मार्गशीर्षातल्या अमावस्येला अख्खं गाव रानात जातं, कडब्याची खोप करून पांडवांची पूजा मांडतं, भज्जी आणि आंबील पोटभर खातं. माहेर परभणी-हिंगोलीकडचं असेल तर आखाडा, म्हणजे शेतातली राहायची जागा, आठवू दे. मग त्यांना एखादं खातं द्या. स्वयंपाकाच्या माणसाला भाकरी थापून दाखवायचं काम, किंवा दुपारच्या खेळांचं. दुपारी खोलीत त्या चौघांना सागरगोटे शिकवायला बसल्या, की चौदा वर्षांच्या पोरीचा मोबाइल तासभर तरी बाजूला पडेल. (तासभरच. जास्त आशा धरू नका.)

मधला पूर्ण दिवस असा लावा. पहाटे साडेपाचला उठवा. उघड्यावर झोपलेली पोरं त्या वेळी आपसूक जागी होतात. वेरूळची लेणी सूर्योदयाला उघडतात आणि मंगळवारी बंद असतात, तेव्हा तो मधला दिवस मंगळवार नको. डोंगराच्या पश्चिम उतारावर ही 34 लेणी कोरलीत, त्यामुळं सकाळी तिथं डोंगराचीच सावली असते आणि दुपारनंतर ऊन थेट आत येतं. लोक नेमके दहाला पोचतात आणि दुपारी भाजून निघतात. तुम्ही सव्वासहाला पोचा, सोळा नंबरचं कैलास लेणं आधी गाठा. आठव्या शतकातल्या राष्ट्रकूट राजा कृष्ण पहिला याच्या काळातलं हे काम, वरून खाली कोरत आणलेलं. पोरांना "सांगा, आधी कळस की आधी पाया?" एवढंच विचारा आणि शोधायला सोडा. सासूबाईंना कैलासाच्या अंगणात बसवा. सगळी लेणी त्यांना चढायला लावू नका. साडेआठला तिथून निघायचं. घृष्णेश्वराचं दर्शन जाता-जाता होतं. दौलताबादचा किल्ला या खेपेला बाहेरूनच बघा. मेमध्ये गुडघेदुखीच्या माणसाला आणि पाच वर्षांच्या पोराला त्या पायऱ्या चढवणं म्हणजे पाप.

बाराच्या सुमाराला पोरांना दहा मिनिटं उन्हात सोडा. चमकू नका, कारण सांगते. मेमध्ये सूर्य एकेका गावाच्या अगदी डोक्यावरून जातो आणि त्या दिवशी भरदुपारी ताठ वस्तूची सावली नाहीशी होते. धाराशिवला हा दिवस 12 मेच्या आसपास येतो, लातूरला 13, नांदेडला 16-17, तुमच्या जालन्याला 19 आणि खुलताबाद-वेरूळच्या पट्ट्यात 20 मेच्या सुमाराला. तुमची सहल त्याच आठवड्यात आहे! एखादा दिवस मागंपुढं झाला तरी सावली इतकी आखूड असते की पोरांचं समाधान होतं. बारा वाजून पंचवीस मिनिटांच्या आसपास सपाट जागी पाण्याची बाटली किंवा पाइपाचा तुकडा उभा करायचा आणि बघायचं. डोक्याला पांढरा पंचा, पायात चप्पल, आणि बघून झालं की थेट खोलीत. ठिकाणावरची झिपलाइन आणि दोरीचे खेळ पैसे घेतात. हे फुकट आहे, आणि पुण्याची भाचरं शाळेत जाऊन सांगतील ते हेच.

दुपारी खोलीत पन्हं, ताक, पत्ते आणि झोप. साडेपाचला म्हैसमाळ. गिरिजादेवीचं दर्शन, मग कड्याच्या बाजूला सूर्यास्त. कड्याजवळ लहान पोराचा हात सोडू नका. परत येईपर्यंत मालकाला अंगणात सडा मारून ठेवायला सांगा आणि तंबूबाहेर बाजा टाकून घ्या. रात्री नऊच्या पुढं उत्तरेला सप्तर्षी उंच दिसतात. त्यांच्या शेपटीचा बाक तसाच पुढं नेला की नारिंगी स्वाती आणि त्याही पुढं पांढरी चित्रा सापडते. आग्नेयेला वृश्चिक वर आलेला असतो, त्यातली तांबूस ज्येष्ठा ओळखायला सोपी. चांदण्याच बघायच्या असतील तर अमावस्येच्या जवळची तारीख धरा. पोरांना रात्री रानात पळापळी खेळायची असेल तर पौर्णिमेजवळची.

शेकोटी मात्र नको. पॅकेजमध्ये ती हटकून असते, 'कॅम्पफायर' म्हणून. मेमध्ये चाळीस अंश सोसून आलेल्या माणसाला शेकोटी कशाला हवी, हे मला आजतागायत कळलेलं नाही. वाळलेल्या गवतात एक ठिणगी वणव्याला पुरते. त्याऐवजी चूल मागा. भिंतीच्या आडोशाला, पाण्याची बादली शेजारी ठेवून. त्यावर वांगी भाजा, भाकरी टाका, ठेचा करा. वाटेत खायला घरून दशम्या, धपाटे आणि शेंगदाण्याची चटणी न्या. दहीभात आणि बटाट्याची भाजी गाडीत आंबते, ती नको.

आता दवाखान्याचं. निघायच्या आठवडाभर आधी सासूबाईंच्या डॉक्टरांना भेटा. बीपीच्या काही गोळ्या लघवीवाटे पाणी काढतात. उन्हाळ्यात प्रवासात त्या तशाच घ्यायच्या का, ते त्यांनीच ठरवायचं. आपल्या मनानं बंद करायच्या नाहीत. सगळ्यांनी तहान लागायची वाट न बघता पाणी प्यायचं. ओआरएसची दहा-बारा पाकिटं जवळ ठेवा. सासूबाई पोरांच्या खिशात कांदा ठेवतील, ठेवू द्या. पाण्याचा घोट मात्र कांद्यावर सोडायचा नाही. कुणी असंबद्ध बोलायला लागलं, अंग चटका बसण्याइतकं तापलं, तोल जायला लागला, तर तो नुसता थकवा नव्हे, उष्माघात असू शकतो. सावलीत आणा, कपडे सैल करा, अंगभर पाणी मारून वारा घाला. मान, काखा, जांघा यांवर ओली फडकी ठेवा आणि 108 ला फोन करा. शुद्ध हरपलेल्या माणसाच्या तोंडात पाणी ओतायचं नाही. आणि लहान मुलाला बंद गाडीत दोन मिनिटंसुद्धा ठेवायचं नाही.

विंचू-सापाचं भय घालण्यासाठी नाही, तयारीसाठी सांगते. जमिनीवर गादी टाकून झोपू नका. मण्यार रात्री फिरते आणि जमिनीवर झोपलेल्यालाच जास्त डसते. बाज, वर मच्छरदाणी, तिच्या कडा गादीखाली खोचलेल्या. सकाळी चप्पल झटकल्याशिवाय पाय घालायचा नाही. पोरांसाठी अतिनील प्रकाशाची छोटी टॉर्च मिळते ती घ्या. तिच्या उजेडात विंचू हिरवट-निळा चमकतो. झोपण्याआधी मोठ्यांनी तंबूचे कोपरे आणि बाजेखालची जागा त्या टॉर्चनं बघून घ्यायची. पोरांना तो खेळच वाटतो. लाल विंचू लहान मुलांना घातक ठरू शकतो. दंशानंतर दरदरून घाम, उलट्या, हातपाय गार पडणं दिसलं तर एक मिनिट दवडू नका. मूळचे जालना जिल्ह्यातलेच डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी महाडला राहून प्राझोसिन हे औषध या दंशावर किती जीव वाचवतं ते जगाला दाखवलं, 2022 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. उपाय आहे, पण तो दवाखान्यात आहे, चुना-तंबाखूत नाही. खुलताबादला ग्रामीण रुग्णालय आहे आणि संभाजीनगरला घाटी हे मोठं सरकारी रुग्णालय. दोन्हींची वाट आधीच बघून ठेवा.

राहिला वळीव. मेच्या तिसऱ्या आठवड्यात दुपारनंतर ढग दाटून वादळ, विजा, कधी गाराही येतात. तंबू विजेपासून वाचवत नाही, आणि ज्या झाडाखाली तो आपण मुद्दाम मागितला ते झाड तर अजिबात नाही. पुण्याच्या आयआयटीएम या हवामान संशोधन संस्थेचं 'दामिनी' हे अ‍ॅप फोनमध्ये घाला, आसपास विजा पडत असतील तर ते सांगतं. गडगडाट ऐकू आला की सगळ्यांनी पक्क्या खोलीत, आणि शेवटच्या गडगडाटानंतर अर्धा तास बाहेर पडायचं नाही. रात्री झोपेतून उठवून न्यावं लागलं तरी न्यायचं.

यावरूनच ह्यांच्यासाठी एक काम निघतं. त्यांना महाबळेश्वर हवं होतं, तेव्हा नुसतं गाडी चालवायला बोलावलं तर ते तोंड पाडून येतील. मालकाशी व्यवहार त्यांनी करावा. दुपारी दोनचा व्हिडिओ कॉलही त्यांनाच करू द्या, म्हणजे जागा त्यांनी निवडली असं होईल. आगाऊ रक्कम निम्म्यापेक्षा जास्त द्यायची नाही. वादळामुळं किंवा सासूबाईंच्या तब्येतीमुळं बेत मोडला तर पैसे परत की तारीख बदलून, आणि तंबूत झोपता आलं नाही तर त्या रात्री आठ माणसांना पक्क्या छताखाली कुठं घालणार, हे मालकाकडून व्हॉट्सअ‍ॅपवर लिहून घ्यायचं. लेखी यायच्या आत एक रुपयाही पाठवू नका.